थेरीगाथा आपल्यापर्यंत कशी पोहोचली? भिक्खुणींच्या वाणीचा अनुवादांतून झालेला प्रवास

वर्षावासात आमच्या वस्तीतल्या विहारात दर रविवारी दुपारी महिलांचे वाचन असते. बहुतेक जणी घरकाम करणाऱ्या, काही शिवणकाम करणाऱ्या, दोघी-तिघी अंगणवाडी सेविका. एका रविवारी आम्ही थेरीगाथेतील पुण्णिका थेरीची कथा मराठीत सांगितली. कडाक्याच्या थंडीत मालकिणीच्या बोलण्याच्या आणि माराच्या भीतीने नदीवर पाणी भरायला जाणारी ती दासी होती, हे ऐकल्यावर मागे बसलेल्या एक ताई म्हणाल्या, "म्हणजे आमच्यासारखीच. पण हे तिनं स्वतः सांगितलंय, की कुणी तिच्या नावानं लिहिलंय? आणि आम्ही इतकी वर्षं वंदना म्हणतोय, हे आम्हाला आधी कुणी का नाही सांगितलं?"

त्या दिवशी आम्हाला दोन्ही प्रश्नांची नीट उत्तरे देता आली नाहीत. थेरीगाथा काय आहे, ती कोणी जपली, कोणत्या भाषांतून फिरून आपल्यापर्यंत आली आणि अनुवाद होताना तिच्यात काय बदलले, हे या लेखात एकत्र मांडत आहोत. दुसऱ्या देशातले, दुसऱ्या काळातले साहित्य आपल्याला बहुतेक वेळा अनुवादातूनच भेटते. आपल्या धम्माचे साहित्यही त्याला अपवाद नाही.

थेरीगाथा म्हणजे काय?

तिपिटकाच्या सुत्तपिटकात पाच निकाय आहेत. त्यांतील पाचव्या खुद्दक निकायात धम्मपद, सुत्तनिपात, जातक अशा ग्रंथांबरोबर थेरगाथा आणि थेरीगाथा हे दोन ग्रंथ येतात. थेर म्हणजे ज्येष्ठ भिक्खू, थेरी म्हणजे ज्येष्ठ भिक्खुणी. थेरीगाथेत ७३ रचना आहेत आणि पाली टेक्स्ट सोसायटीच्या प्रतीत त्यांच्या ५२२ गाथा मोजल्या आहेत. रचना विषयानुसार नव्हे, तर गाथांच्या संख्येनुसार १६ निपातांत लावल्या आहेत. आधी एकेका गाथेच्या रचना, मग दोन-दोन गाथांच्या, आणि शेवटी सुमेधा थेरीची सर्वांत मोठी रचना. पाठांतराने जपलेल्या ग्रंथाला अशी मांडणी सोयीची असते.

स्त्रियांच्या रचना म्हणून जतन झालेल्या जगातील सर्वांत जुन्या संग्रहांमध्ये थेरीगाथेची गणना होते. सगळ्या रचना एकाच काळातल्या नाहीत. काही तथागतांच्या काळाच्या जवळच्या मानल्या जातात, तर काही नंतरच्या. उदाहरणार्थ, इसिदासी थेरीच्या रचनेतील संवाद पाटलिपुत्रात घडतो. पाटलिपुत्र हे मोठे नगर म्हणून नंतरच्या काळात उदयाला आले, त्यामुळे अभ्यासक ही रचना उशिराची समजतात.

पहिल्या प्रश्नाचे उत्तर इथे द्यायला हवे. प्रत्येक गाथा त्या-त्या थेरीच्याच तोंडची आहे असे सिद्ध करता येत नाही. काही रचनांमध्ये दुसरे कोणी थेरीला उद्देशून बोलते, काहींमध्ये संवाद आहेत. पण जात्या-मुसळापासून भिक्षेच्या वाडग्यापर्यंत, नवऱ्याच्या जाचापासून मूल गमावल्याच्या दुःखापर्यंत जे तपशील त्यात येतात, ते स्त्रियांच्या रोजच्या जगण्यातून आलेले आहेत. संघाने हे तपशील अनुचित म्हणून गाळून टाकले नाहीत. बुद्धवचनांच्या संग्रहात त्यांना जागा दिली.

काही थेरी आणि त्यांचे म्हणणे

पुण्णिका ही अट्ठकथेनुसार सावत्थीच्या अनाथपिंडिकाच्या घरातील दासीची मुलगी. नदीवर तिला थंडीत कुडकुडत स्नान करणारा एक ब्राह्मण दिसतो. मी भीतीपोटी पाण्यात उतरते, तू कशाला उतरतोस, असे ती त्याला विचारते. पाप धुऊन जावे म्हणून, असे तो सांगतो. त्यावर ती म्हणते की पाण्याने शुद्धी होत असेल तर बेडूक, कासव, पाणसर्प, मगर हे सगळे स्वर्गात जायला हवेत. आणि नदी पाप वाहून नेत असेल तर पुण्यही वाहून नेईल, मग तुझ्याकडे काय उरेल? ब्राह्मण निरुत्तर होतो आणि तिला वस्त्र देऊ करतो. ती ते घेत नाही. दुःखाची भीती वाटत असेल तर वाईट कर्म करू नकोस, एवढेच सांगते. शेवटी तो बुद्ध, धम्म आणि संघाला शरण जातो. दासीने ब्राह्मणाला तर्काने जिंकल्याची ही नोंद आहे.

मुत्ता थेरी तीन वाकड्या गोष्टींपासून सुटल्याचे सांगते: उखळ, मुसळ आणि कुबडा नवरा. पालीत मुत्ता या शब्दाचा अर्थच 'सुटलेली' असा आहे. सुमंगलमाता याही मुसळापासून आणि छत्र्या बनवणाऱ्या नवऱ्यापासून सुटल्याचे सांगतात. चंदा ही मूल नसलेली विधवा. नातेवाईक नाहीत, अन्न नाही, सात वर्षे ती भीक मागत फिरते. एक दिवस तिला अन्नपाणी मिळालेली एक भिक्खुणी दिसते आणि तिचे आयुष्य बदलते. वेसालीची अंबपाली आपले तारुण्यातले शरीर आणि म्हातारपणातले शरीर एकेका अवयवाने शेजारी ठेवते आणि बुद्धवचन खरे असल्याची साक्ष देते.

पटाचारेचे सगळे कुटुंब गेले होते. तिच्या गाथांमध्ये मोठा चमत्कार नाही. ती पाय धुते, पाणी उतारावरून वाहत जाताना पाहते, मग विहारात जाऊन दिवा घेते, अंथरूण पाहते, सुईने वात खाली ओढते. दिवा मालवतो आणि तिचे चित्त मुक्त होते.

मुखपाठातून ताडपत्रावर

बुद्धवचने आधी शेकडो वर्षे मुखपाठाने जपली गेली. पाठ करणाऱ्या भिक्खूंना भाणक म्हणत. सम्राट अशोकाच्या काळात, इसवी सनपूर्व तिसऱ्या शतकात, महिंद थेर आणि संघमित्ता थेरी श्रीलंकेत धम्म घेऊन गेल्या. संघमित्ता थेरींमुळे तिथे भिक्खुणी संघ सुरू झाला. पुढे इसवी सनपूर्व पहिल्या शतकात राजा वट्टगामणी अभय याच्या काळात तिपिटक लेखी उतरवले गेले. ते काम अलुविहार येथे झाल्याचे परंपरा सांगते. भारतातून बौद्ध संघ जवळपास नाहीसा झाला, तरी श्रीलंका, म्यानमार आणि थायलंड या देशांनी आपापल्या लिपीत पाली ग्रंथ ताडपत्रांवर पुन्हा पुन्हा उतरवून टिकवले. पुण्णिकेचा आवाज आपल्या देशात बंद पडला होता तेव्हा तो परक्या लिपीत जिवंत होता.

मूळ गाथांमध्ये थेरींची चरित्रे फारशी नाहीत. ती आपल्याला आचार्य धम्मपाल यांच्या 'परमत्थदीपनी' या अट्ठकथेतून कळतात. अट्ठकथांचीही एक अनुवादकथा आहे. श्रीलंकेत जुन्या अट्ठकथा सिंहली भाषेत होत्या. पाचव्या शतकात आचार्य बुद्धघोष यांनी अनुराधपूरच्या महाविहारात बसून त्या सामग्रीच्या आधारे पालीत अट्ठकथा लिहिल्या. धम्मपाल त्यांच्या नंतरचे. म्हणजे ज्याला आपण 'मूळ पाली परंपरा' म्हणतो, तिच्या पोटातही अनुवाद आहे.

काही भिक्खुणींच्या कथा दुसऱ्या वाटेनेही गेल्या. संयुत्त निकायात भिक्खुणी संयुत्त नावाचा भाग आहे. त्याला समांतर असलेला संयुक्तागम हा ग्रंथ पाचव्या शतकात गुणभद्र या भारतीय भिक्खूंनी चीनमध्ये चिनी भाषेत आणला. त्यामुळे सोमा थेरीने माराला दिलेले उत्तर पालीत आणि चिनीत, दोन्हीकडे वाचता येते.

छापील पुस्तक आणि युरोपीय अनुवाद

१८८१ साली लंडनमध्ये टी. डब्ल्यू. ऱ्हीस डेव्हिड्स यांनी पाली टेक्स्ट सोसायटी स्थापन केली. सिंहली, बर्मी अशा लिप्यांतील हस्तलिखिते ताडून रोमन लिपीत पाली ग्रंथ छापणे हे तिचे काम. १८८३ साली थेरगाथा आणि थेरीगाथा एकत्र प्रसिद्ध झाल्या. थेरगाथेचे संपादन हेर्मान ओल्डेनबर्ग यांनी आणि थेरीगाथेचे रिचर्ड पिशेल यांनी केले. दोघेही जर्मन अभ्यासक होते.

१८९९ साली कार्ल ऑयगेन नॉयमान यांचा जर्मन अनुवाद आला. १९०९ साली कॅरोलाइन ऱ्हीस डेव्हिड्स यांचा इंग्रजी अनुवाद 'साम्स ऑफ द सिस्टर्स' या नावाने आला. १९७१ साली के. आर. नॉर्मन यांनी शब्दाला शब्द लावणारा, व्याकरणाच्या भरपूर टिपा असलेला इंग्रजी अनुवाद केला. १९८९ साली पाली टेक्स्ट सोसायटीने हे दोन्ही इंग्रजी अनुवाद एकाच खंडात छापले. २०१५ साली मूर्ती क्लासिकल लायब्ररीत चार्ल्स हॅलिसी यांचा अनुवाद आला. त्यात समोरासमोरच्या पानांवर पाली आणि इंग्रजी आहे.

दरम्यान १९९१ साली सुसी थारू आणि के. ललिता यांनी 'विमेन रायटिंग इन इंडिया' या दोन खंडांच्या संग्रहाचा पहिला खंड प्रसिद्ध केला. भारतीय स्त्रियांच्या दोन हजारांहून अधिक वर्षांच्या लेखनाचा हा संग्रह थेरींपासूनच सुरू होतो. त्यातील थेरींचे अनुवाद उमा चक्रवर्ती आणि कुमकुम रॉय या इतिहासकारांनी केले. इथे थेरीगाथा धर्मग्रंथाच्या कपाटातून बाहेर येऊन स्त्रियांच्या साहित्याच्या इतिहासात पहिल्या पानावर आली.

अनुवाद बदलला की थेरी बदलतात

नॉयमान यांनी शीर्षकात गाथांना 'गीते' म्हटले. कॅरोलाइन ऱ्हीस डेव्हिड्स यांनी 'साम' म्हटले. हा शब्द इंग्रजी वाचकाला बायबलमधील स्तोत्रांची आठवण करून देतो. मराठी बायबलमध्ये त्या भागाला स्तोत्रसंहिता म्हणतात. पण थेरी कोणाही देवाची स्तुती करत नाहीत, कोणाकडे कृपा मागत नाहीत. त्या आपल्या मुक्तीची घोषणा करतात. एका शब्दाने वाचकाच्या मनात प्रार्थना करणाऱ्या भगिनी उभ्या राहतात, तिथे खरे तर स्वतःच्या अनुभवावर ठाम असणाऱ्या स्त्रिया आहेत. यात बाईंचा हेतू वाईट नव्हता. त्या मोठ्या पाली अभ्यासक होत्या, पतीच्या निधनानंतर १९२३ पासून १९४२ पर्यंत पाली टेक्स्ट सोसायटीची धुरा त्यांनी सांभाळली. त्यांनी आपल्या काळातल्या वाचकाला कळेल असा शब्द निवडला. प्रत्येक अनुवादकाला हे करावे लागते. म्हणून एकाच अनुवादावर थांबू नये.

पटाचारेच्या दिव्याकडे पुन्हा पाहू. पालीत तिथे दिव्याच्या मालवण्यासाठी 'निब्बान' हाच शब्द आला आहे. इंग्रजी अनुवादकाला दिवा विझण्यासाठी एक शब्द वापरावा लागतो, आणि निब्बानाशी असलेले नाते टीपेत सांगावे लागते. मराठीत आपली अडचण उलटी आहे. निब्बान किंवा निर्वाण हा शब्द आपण इतक्यांदा ऐकला आहे की तो रोजच्या दिव्यासाठीही वापरला जात असे, हेच आपल्या लक्षात येत नाही. चांगली मराठी टीप असेल तर एवढी मोठी संकल्पना घरातल्या दिव्यापाशी येऊन बसते.

याउलट काही ठिकाणी मराठी वाचकाला टीपेची गरजच पडत नाही. मार सोमा थेरीला म्हणतो की ऋषींना मिळणारे ते स्थान दोन बोटांच्या प्रज्ञेच्या स्त्रीला मिळणार नाही. दोन बोटांची प्रज्ञा म्हणजे काय? अट्ठकथा सांगते की मुली सात-आठ वर्षांच्या झाल्यापासून भात शिजवतात, तरी तो शिजला की नाही हे शीत दोन बोटांत दाबल्याशिवाय त्यांना कळत नाही, असा हा टोमणा आहे. इंग्रजी वाचकाला हे समजावून सांगावे लागते. आपल्याकडे 'शितावरून भाताची परीक्षा' ही म्हण घराघरांत आहे, आणि तिच्यात हिणवणे नाही. एका शितावरून सगळे पातेले ओळखणे ही आपल्याकडे हुशारी मानली जाते. सोमाचे उत्तर थोडक्यात असे: चित्त एकाग्र असेल आणि ज्ञान चालू असेल, तर स्त्री असण्याने काय बिघडते? मी स्त्री की मी पुरुष, हा विचार ज्याच्या मनात आहे त्याच्याशी माराने बोलावे. विहारात हे सांगितले तेव्हा दोन बोटांचा अर्थ आम्हाला सांगावा लागला नाही. बायकांनी हाताने करून दाखवला.

अनुवाद आणि नवी रचना यांतला फरक

२०२० साली अमेरिकेत मॅटी वाइनगास्ट यांचे 'द फर्स्ट फ्री विमेन' हे पुस्तक शंभाला प्रकाशनाने आणले. ते प्राचीन बौद्ध भिक्खुणींच्या कविता म्हणून बाजारात आले आणि खूप वाचले गेले. नंतर पाली जाणणाऱ्यांनी मूळ गाथांशी ताडून पाहिले, तेव्हा अनेक कविता मूळ गाथेशी फारशा जुळत नाहीत, त्या लेखकाच्या स्वतःच्या आहेत, असा आक्षेप घेतला गेला. वाद वाढल्यावर प्रकाशकाने उपशीर्षक बदलले आणि या भिक्खुणींपासून प्रेरणा घेतलेल्या नव्या कविता आहेत असे स्पष्ट केले.

जुन्या रचनेवरून नवी कविता लिहिणे हा गुन्हा नाही. रवींद्रनाथ टागोरांनी प्रकृती या चांडाल कन्येच्या बौद्ध कथेवरून १९३३ मध्ये 'चंडालिका' हे नाटक लिहिले, पण ते टागोरांचे नाटक म्हणूनच लोकांपुढे आले. आक्षेप होता तो नावाचा. ज्या स्त्रियांचा आवाज अडीच हजार वर्षे जपला गेला, त्यांच्या नावावर आजच्या एका पुरुषाचे शब्द गेले, तर खऱ्या गाथा पुन्हा झाकल्या जातात. वाचकाला वाटते आपण पुण्णिकेला भेटलो, आणि भेट दुसऱ्याशीच झालेली असते. आपल्या समाजाला ही गोष्ट वेगळी समजावून सांगायला नको. आपल्या वतीने दुसऱ्यांनी बोलण्याचा अनुभव आपल्याला पुरेसा आहे.

देवनागरीत आणि आपल्या भाषांत

गोव्यातील साखवाळ गावी १८७६ साली जन्मलेल्या धर्मानंद कोसंबींना बुद्धांची पहिली ओळख 'बालबोधमेवा' या मराठी मुलांच्या मासिकातून झाली. हे मासिक अमेरिकन मिशनरी चालवत. पुढे त्यांनी घर सोडले, श्रीलंकेत आणि म्यानमारमध्ये राहून पाली शिकले आणि पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात पाली शिकवले. 'निवेदन' या आत्मचरित्रात हा प्रवास त्यांनी सांगितला आहे. १९२६ च्या 'बौद्धसंघाचा परिचय' या पुस्तकात त्यांनी भिक्खूंबरोबर भिक्खुणी आणि उपासिकांच्या कथाही मराठीत दिल्या. पालीतून थेट मराठीत येण्याची वाट त्यांनी घातली. प्रा. ना. के. भागवत यांनी मुंबई विद्यापीठाच्या ग्रंथमालेत पाली ग्रंथ देवनागरी लिपीत संपादित केले. बुद्धजयंतीच्या २५०० व्या वर्षाच्या सुमारास भिक्खू जगदीश काश्यप यांच्या संपादनाखाली नालंदा येथून संपूर्ण तिपिटक देवनागरीत प्रसिद्ध झाले. इगतपुरीच्या विपश्यना विशोधन विन्यासानेही नंतर तिपिटक आणि अट्ठकथा देवनागरीत उपलब्ध केल्या. थेरीगाथेचा हिंदी अनुवाद भरतसिंह उपाध्याय यांनी केला आहे.

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांची बुद्धांशी ओळखही मराठी पुस्तकातून झाली. मॅट्रिक झाल्यावर कृष्णाजी अर्जुन केळुसकर गुरुजींनी त्यांना स्वतः लिहिलेले बुद्धचरित्र भेट दिले होते. पुढे बाबासाहेबांनी 'द बुद्ध अँड हिज धम्म' इंग्रजीत लिहिले. ते १९५७ साली त्यांच्या महापरिनिर्वाणानंतर प्रसिद्ध झाले. त्यात महाप्रजापती गोतमी, यशोधरा आणि प्रकृती यांच्या धम्मप्रवेशाचा स्वतंत्र भाग आहे. आपल्यातील बहुतेकांनी हा ग्रंथ मराठीत वाचला आहे, म्हणजे अनुवादात वाचला आहे. हिंदी वाचकांसाठी तो भदंत आनंद कौसल्यायन यांनी आणला. स्त्रियांच्या अवनतीला बुद्ध जबाबदार आहेत, या आरोपाला बाबासाहेबांनी १९५१ साली 'महाबोधि' या नियतकालिकात लेख लिहून उत्तर दिले होते. थेरीगाथा वाचली की त्या उत्तराचे वजन कळते.

तथागतांची अनुमती

विनयपिटकाच्या चुल्लवग्गात एक प्रसंग आहे. ब्राह्मण कुळातून आलेले, गोड वाणीचे दोन भिक्खू तथागतांना म्हणतात की निरनिराळ्या कुळांतून आणि जातींतून आलेले भिक्खू आपापल्या बोलीत बुद्धवचन बिघडवत आहेत, आपण ते छंदात बांधू. तथागत त्यांना फटकारतात आणि बुद्धवचन स्वतःच्या भाषेत शिकण्याची अनुमती देतात. 'स्वतःची भाषा' म्हणजे बुद्धांची मागधी, असा अर्थ आचार्य बुद्धघोषांनी लावला. अनेक आधुनिक अभ्यासक तो शिकणाऱ्याची भाषा असा घेतात. अर्थ कोणताही घेतला तरी वचन मूठभरांच्या भाषेत बंद करण्याला तथागतांनी नकार दिला, एवढे स्पष्ट आहे.

पाली वंदना म्हणू नये असे आम्ही म्हणत नाही. वेगवेगळ्या देशांतले उपासक एका सुरात म्हणू शकतात, ही पालीची ताकद आहे. पण अर्थ न कळता म्हटलेली गाथा आणि अर्थ न कळता ऐकलेला मंत्र यांत फरक उरला पाहिजे. तो फरक अनुवादाने पडतो.

आपला आवाज बाहेर जातो तेव्हा

अनुवादाची वाट दोन्हीकडून चालते. बेबी कांबळे यांचे 'जिणं आमुचं' १९८६ साली पुस्तकरूपाने आले. माया पंडित यांनी केलेला इंग्रजी अनुवाद २००८ साली 'द प्रिझन्स वी ब्रोक' या नावाने आला. मूळ नावात जगणे आहे, अनुवादाच्या नावात तोडलेले तुरुंग आहेत. उर्मिला पवार यांच्या 'आयदान'चा अनुवादही माया पंडित यांनीच 'द वीव्ह ऑफ माय लाइफ' या नावाने केला. बांबूच्या टोपल्या-सुपांना कोकणात आयदान म्हणतात. तो शब्द इंग्रजीत गेला नाही, पण विणण्याची क्रिया गेली. उर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांनी आंबेडकरी चळवळीतील स्त्रियांच्या मुलाखती घेऊन 'आम्हीही इतिहास घडवला' हे पुस्तक केले. वंदना सोनाळकर यांनी ते २००८ साली इंग्रजीत आणले. तोंडी सांगितलेले कोणीतरी जपले, मग लिहिले, मग दुसऱ्या भाषेत नेले. थेरीगाथेचा क्रमही हाच आहे.

याचा उपयोग फक्त परक्या वाचकांना नाही. आपल्या समाजातील इंग्रजी माध्यमात शिकलेली अनेक मुले मराठी पुस्तक सलग वाचू शकत नाहीत. आजीच्या पिढीने जगलेले ती इंग्रजी अनुवादातून वाचत आहेत. यात कमीपणा मानू नये. त्यांनी वाचायचे थांबणे हे त्याहून जास्त नुकसानीचे आहे.

अनुवादित पुस्तक वाचताना

वाचनगटांसाठी आम्ही काही साध्या सवयी लावून घेतल्या आहेत:

१. मुखपृष्ठावर किंवा आतल्या पानावर अनुवादकाचे नाव शोधावे. नाव नसेल तर पुस्तक जपून वाचावे.

२. अनुवाद थेट मूळ भाषेतून आहे की मधल्या भाषेतून, हे पाहावे. पालीतून इंग्रजी आणि इंग्रजीतून मराठी, असा प्रवास असेल तर मधल्या अनुवादकाचे शब्दही सोबत येतात.

३. अनुवादाचे वर्ष पाहावे. १९०९ चा अनुवाद आणि २०१५ चा अनुवाद एकच थेरी वेगळी दाखवतात.

४. 'अनुवाद', 'रूपांतर', 'आधारित', 'प्रेरित' हे शब्द वेगळे आहेत. प्रस्तावनेत कोणता वापरला आहे, ते तपासावे.

५. शक्य असेल तिथे एकाच गाथेचे दोन अनुवाद शेजारी ठेवून वाचावेत. जिथे ते जुळत नाहीत, तिथे मूळ पाली शब्द जाणकाराला विचारावा.

६. वाचलेले आपल्या बोलीत एकदा सांगून पाहावे. सांगता आले नाही तर ते अजून समजलेले नाही.

मागे बसलेल्या त्या ताईंच्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर आता असे देता येईल. पुण्णिकेची गोष्ट कोणी मुद्दाम लपवली असे नाही. ती ताडपत्रांवर होती, रोमन लिपीत होती, इंग्रजीत होती, देवनागरी पालीतही होती. विहारातल्या रविवारच्या दुपारी ती आपल्या भाषेत सांगायचे काम मात्र आपले होते आणि ते आपण उशिरा सुरू केले. पुढच्या रविवारी आम्ही चंदा थेरी वाचणार आहोत. त्या ताईंनी सांगितले आहे की या वेळी वाचून दाखवायचे काम त्या करतील.